सहाव्या खोलीचा श्वास

खोल्या सहा होत्या आणि श्वास पाचच. खरं तर एवढीच अडचण होती, आणि ती सोडवायला कानसेन त्या दिवशी दुपारी अडीच वाजता ऑफिसातून उठून घरी आली.

आता हे जरा नीट सांगायला हवं. कानसेन हे काही तिचं खरं नाव नव्हे, पण ऑफिसात तिला दुसऱ्या नावानं कुणी हाक मारत नसे. सहा माणसांची कंपनी, कॉम्प्युटरवरचे गेम बनवायची, आणि हिच्याकडे आवाजांचं खातं. भिंतीपलीकडच्या नळाचा थेंब हिला ऐकू यायचा. गेममधल्या पावसासाठी हिनं कढईत कांदा परतला होता, आणि जुन्या जिन्यासाठी एका मोडक्या खोक्यावर उभी राहून तासभर डुलत होती. सगळे हसले होते. मग ऐकल्यावर गप्प झाले.

या खेपेचा गेम होता रानातल्या एका सराईचा. खेळणाऱ्यानं ती सराई चालवायची. संध्याकाळी पाहुणे यायचे, मफलर गुंडाळलेली अस्वलं, वाट चुकलेले पोस्टमन, असे कुणीकुणी. त्यांना खोली द्यायची, शेकोटी पेटवायची, सूप ढवळायचं, रात्री कंदील मालवायचे. सकाळी घंटा वाजवली की पाहुणे उठायचे, अंथरुणाची चौकोनी घडी घालायचे, किल्ली टेबलावर ठेवायचे आणि ‘सोय चांगली आहे हो इथं’ असं म्हणून चालू लागायचे. कुणी हरत नाही, कुणी मरत नाही. दिवसभर दमलेल्या माणसानं अर्धा तास खेळावं आणि शांत झोपावं, इतकंच.

कानसेनचं डोकं चालायचं ते रात्रीच्या प्रसंगात. अंधारा लाकडी बोळ, बंद दारं, आणि दारापाशी कान नेला तर आतल्या पाहुण्याचा झोपेतला श्वास. प्रत्येक दारामागं वेगळा. पाच श्वास जमले होते. पहिला किडेमास्तरांचा. हे कंपनीचे टेस्टर. गेममधले किडे, म्हणजे चुका, शोधून काढणं हाच त्यांचा धंदा, म्हणून हे नाव. ते ऑफिसच्या सोफ्यावर ‘कामाचा भाग म्हणून’ घोरले होते. बाकीच्या चौघांनीही विचारल्यावर हसत होकार दिला होता. सहावी खोली माडीवर, छपराखाली. तिथं तिला म्हाताऱ्या माणसाचा श्वास हवा होता, बारीक, शेवटी नाकातून हलकी शीळ वाजणारा. तसा श्वास तिच्या घरातच होता.

मावशी. आई गेली तेव्हा कानसेन चार वर्षांची. आईची ही थोरली बहीण मुलींच्या वसतिगृहाची रेक्टर होती. तिनं भाचीला उचललं आणि वसतिगृहातच वाढवलं. तिथं साठ मुली. रोज संध्याकाळी मावशी हातात बॅटरी घेऊन बोळातून फिरायची, प्रत्येक दारावर बोट वाजवायची आणि विचारायची, “आलीस का गं?” आतून उत्तर यायचं, “आले, मावशी.” साठही उत्तरं मिळाली की मगच मोठ्या दाराला कडी. एक जरी राहिली तरी दार उघडं, आणि मावशी दारात खुर्ची टाकून बसलेली. रागवायची नाही. नियम एकच, सांगून जा. न सांगता गेलेलं मात्र तिला अजिबात खपायचं नाही.

निवृत्त होऊन बारा वर्षं झाली, मुली साठाच्या एकीवर आल्या, पण प्रश्न तोच. कानसेन घरात पाऊल टाकते न टाकते तोच आतून “आलीस का गं?” आणि हिचं “आले, मावशी”. मग कडी.

त्या दुपारी मावशी जेवून आडवी झाली होती. गल्ली सामसूम. कानसेननं चपला बाहेरच काढल्या, अनवाणी आत आली, मावशीच्या उशापासून हातभर अंतरावर माइक धरला आणि रेकॉर्डर चालू केला. विचारलं नाही. विचारलं असतं तर मावशी लाजली असती, मुद्दाम नीट झोपायला गेली असती, आणि मग ती शीळ कुठून यायची? चाळीस सेकंद पुरेसे होते. हिनं तीन मिनिटं घेतली.

शेवटी शेवटी मावशीच्या पापण्या हलल्या. डोळे न उघडता तिनं विचारलं, “आलीस का गं?”

कानसेन गप्प राहिली. धंद्याची सवय ही. टेप चालू असताना रेकॉर्ड करणारा बोलत नाही, खोकत नाही, श्वाससुद्धा धरून ठेवतो. मावशी थोडा वेळ उत्तराची वाट बघत राहिली, असं वाटलं. मग कुशीवर वळली. कानसेन आली तशीच मांजराच्या पावलांनी बाहेर पडली. ऑफिसात तिनं तो शेवटचा प्रश्न कापून टाकला, श्वासाची दोन टोकं जुळवली आणि तो सहाव्या दारामागं ठेवून दिला.

दुसऱ्या दिवशी मावशी उठली नाही.

साडेपाचच्या ठोक्याला उठणारी बाई. सहा झाले, सात झाले. कानसेन खोलीच्या दारात जाऊन उभी राहिली. मावशीची छाती हलत होती, वर खाली, वर खाली. पण आवाज नव्हता. शीळ नाही, घरघर नाही, काही नाही. भिंतीपलीकडचा थेंब ऐकणारी ही मुलगी मावशीच्या नाकाशी कान नेऊन बसली आणि तिला काहीही ऐकू आलं नाही. हलवून पाहिलं, हाका मारल्या. दहा वाजून पाच मिनिटांनी मावशीनं आपणहून डोळे उघडले.

“कुठल्या कुठं झोपले होते कोण जाणे,” ती म्हणाली. “माडीवरची खोली होती. फळ्यांची. ओल्या लाकडाचा वास येत होता… बाहेर कुणीतरी दाराला कान लावून उभं होतं. घंटा झाली तेव्हा सुटले.”

मावशीनं तो गेम पाहिला नव्हता. तिला तर मोबाइलवरचे फोटोसुद्धा दाखवावे लागत.

पुढच्या दिवशीही दहा वाजून पाच मिनिटं. तिसऱ्या दिवशी किडेमास्तरांची दाढ दुखत होती, ते दाताच्या डॉक्टरकडे जाऊन अकरा वीसला ऑफिसात आले. त्या दिवशी मावशी अकरा पंचविसाला उठली. तेव्हा मात्र कानसेनच्या मनात जे आलं ते तिनं स्वतःलाही नीट सांगितलं नाही. मास्तरांची रीत तिला ठाऊक होती. संध्याकाळी घरी जाताना ते गेममध्ये रात्र करून, पाहुणे झोपवून मशीन तसंच सोडायचे, आणि सकाळी दहाला आल्या आल्या पहिलं काम म्हणजे घंटा. मधल्या वेळात पाहुणे झोपून राहायचे. गेम तसाच बनवला होता, खेळणाऱ्याला घाई नको म्हणून.

मग रविवार आला.

बारा वाजले तरी मावशी निपचित. गल्लीतले डॉक्टर येऊन गेले. नाडी ठीक आहे, झोप फार गाढ आहे, संध्याकाळपर्यंत बघू नाहीतर दाखल करू, असं म्हणाले. ते गेल्यावर कानसेननं शेजारच्या काकूंना मावशीपाशी बसवलं आणि ऑफिसकडे धावत सुटली. स्वतःच्या किल्लीनं दार उघडलं. बाहेर रणरणतं ऊन, आणि आत मास्तरांच्या पडद्यावर रात्र. कंदील मालवलेले, शेकोटीत राख. तिनं हेडफोन कानाला लावले आणि बोळातून पुढं गेली. पहिल्या दारामागं मास्तर घोरत होते. दुसरं, तिसरं, चौथं, पाचवं. मग जिना चढून सहाव्या दारापाशी. आत मावशी झोपली होती. तीच शीळ, तोच शिळेआधीचा छोटासा अडखळा. नुसता आवाज आहे हा, तिनं स्वतःला बजावलं, मीच ठेवलाय इथं. पण तिनं चाळीस सेकंदच ठेवले होते, तेच फिरून फिरून वाजायला हवे होते, आणि तिथं उभी राहून ती ऐकत होती त्यात एक श्वास दुसऱ्यासारखा नव्हता.

तिनं घंटा वाजवली.

मिनिटभरात फोन आला. काकू म्हणाल्या, उठल्या गं बाई, पाणी मागतायत.

त्यानंतर कानसेन रोज पहाटे ऑफिसात जाऊन साडेपाचला घंटा वाजवू लागली. पण असं किती दिवस चालणार? येत्या गुरुवारी गेम बाहेर पडायचा होता. हजारो माणसं तो विकत घेणार, सराईत रात्र झाली की गेम बंद करून झोपणार, कुणी आठवडाभर उघडणार नाही, कुणी कंटाळून कधीच नाही. प्रत्येकाच्या सराईत एक सहावी खोली.

ती ताईंकडे गेली. ताई म्हणजे कंपनीच्या मालकीणबाई. सहावा श्वास काढायचा आहे, म्हणाली. ताईंनी कपाळाला हात लावला. आता कशालाही हात लावायचा नाही असं ठरलं होतं. कारण काय, म्हणून त्यांनी विचारलं.

“न विचारता घेतलाय तो,” कानसेन म्हणाली.

“मग विचार की आता. मावशीच ना तुझी?”

साधी गोष्ट होती. घरी जायचं आणि सांगायचं, मावशी, मी त्या दुपारी आले होते, तू हाक मारलीस आणि मी उत्तर दिलं नाही. एवढं एक वाक्य. पण तिच्या तोंडून ते निघालं नाही. मावशी थकल्यासारखी दिसायची, आणि हिला वाटायचं, सांगितलं आणि तिनं फक्त मान फिरवली तर? माणूस आपल्याच माणसाला किती घाबरतं बघा. शेवटी ताईंनी एवढी मुभा दिली की फाइल काढायची नाही, पण तिच्या जागी तेवढ्याच लांबीची दुसरी ठेव.

आवाजाचं काम करणाऱ्यांची एक रीत असते. कुठंही रेकॉर्डिंग केलं की शेवटी त्या रिकाम्या खोलीची शांतताही टिपून ठेवायची. ऐकणाऱ्याला वाटेल शांतता सगळी सारखीच, पण तसं नसतं, प्रत्येक खोलीची वेगळी असते. मावशीच्या खोलीची शांतता घ्यायची त्या दुपारी राहून गेली होती. कानसेननं ती आता घेतली. मावशी गॅलरीत शेंगा सोलत बसली होती, खोलीत कुणी नव्हतं. चाळीस सेकंद. तिनं ते तीनतीनदा ऐकलं, आत काहीही नव्हतं. मग आधी घंटा वाजवून, मावशी जागी आहे याची फोनवर खात्री करून तिनं सहाव्या दारामागं ती शांतता ठेवली आणि श्वास जिथं जिथं होता तिथून पुसून टाकला.

दुसऱ्या दिवशी पहाटे तिला जाग आली ती शिळेनं. पलीकडच्या खोलीत मावशी घोरत होती आणि साडेपाचला आपणहून उठली. कानसेन उशीत तोंड खुपसून ढसाढसा रडली.

गुरुवारी गेम बाहेर पडला आणि लोकांना भलताच आवडला. ऑफिसात केक कापला, फोटो निघाले. कानसेनला घरी यायला साडेआठ झाले. येऊन बघते तर दाराला आतून कडी.

तिनं दार वाजवलं. मावशीनं उघडलं, बाजूला झाली, काही न विचारता खोलीत गेली. दमली असेल, कानसेनला वाटलं. पण दुसऱ्या दिवशीही तेच, आणि तिसऱ्याही. हिनं मुद्दाम दारातून “आले, मावशी” म्हणून पाहिलं. मावशीनं मान वर करून हसून पाहिलं, ओळखीच्या दुकानदाराकडे बघावं तसं. बाकी सगळं ठीक होतं. जेवत होती, औषधं घेत होती, रात्री छान घोरत होती. फक्त सकाळी उठून अंथरुणाची चौकोनी घडी घालायची आणि घराची किल्ली टेबलावर आणून ठेवायची. एका सकाळी कानसेननं तिच्यासमोर चहा ठेवला तर तिनं दोन्ही हातांनी कप घेतला आणि अदबीनं म्हणाली, “सोय चांगली आहे हो इथं.”

कानसेनला तो दिवस ऑफिसात कसा गेला ते कळलं नाही. श्वास परत आणला होता तिनं. पण साठ पोरींची वाट बघत दारात बसणारी बाई काही परत आली नव्हती.

मग किडेमास्तर एक तक्रार घेऊन आले. तक्रार कसली, निम्मं कौतुकच होतं. लोक कळवत होते की रात्री बोळातून दिवा घेऊन फिरणारी म्हातारी फार गोड आहे, तिची कल्पना कुणाची? फक्त एक भानगड होती. ती सराईचं मोठं दार लावू देत नाही, वारा आत येतो, शेकोटी विझते.

“आपण अशी म्हातारी बनवलीच नाही,” मास्तर हळू आवाजात म्हणाले. “चित्रं काढणाऱ्यांना विचारलं. कुणीच नाही…”

त्यांनी गेम लावून दाखवला. अंधारा बोळ. टोकाला एक दिवा हलला. पाठमोरी, वाकलेली, खांद्यावर शाल. ती पहिल्या दाराशी थांबली, बोट वाजवलं, पुढं गेली. कानसेननं हेडफोन ओढून घेतले. पाच दारं झाली. जिना करकरला, तोच खोक्याचा आवाज. सहाव्या दाराशी म्हातारी थांबली आणि बराच वेळ थांबली.

“आलीस का गं?”

मास्तरांसमोरच कानसेन म्हणाली, “आले, मावशी.” पण पडद्यातल्या माणसाला बाहेरचं कसं ऐकू जाणार? म्हातारी खाली उतरली, दार सताड उघडं केलं, उंबऱ्याशी खुर्ची ओढली आणि रानाकडे तोंड करून बसली. वाऱ्याचा आवाज. मग, स्वतःशीच बोलावं तसं, “एक यायची आहे अजून.”

मास्तरांचा चेहरा पांढरा पडला होता. कानसेनचा मात्र नाही. तिला त्या दुपारचं सगळं लख्ख आठवलं, पायाखालची थंडगार फरशी, हातातला माइक, धरून ठेवलेला श्वास. तो कापलेला प्रश्न तिनं शोधला. कुठंच नव्हता, तिनंच पुसला होता. पण उत्तर तिच्यापाशी होतं, आणि ते द्यायचं राहिलं होतं. आणि या खेपेला कुणाला विचारायची गरज नव्हती, आवाज तिचा स्वतःचा होता.

दुरुस्ती म्हणून तिनं ते केलं. माइकसमोर उभी राहिली, म्हणाली, “आले, मावशी,” आणि ते सहाव्या दारामागं ठेवलं. चार वाजता मास्तरांनी पुन्हा गेम लावला. म्हातारीनं दार वाजवलं, प्रश्न विचारला, आतून उत्तर आलं. तिनं दिवा जरा वर धरला. मग खाली उतरून मोठं दार ओढलं आणि जड लाकडी कडी घातली. मास्तरांनी सुस्कारा सोडला. सुटला म्हणाले किडा, आता सगळ्यांकडे पाठवून देतो. नेहमीप्रमाणे सराईत रात्र तशीच ठेवून ते घरी गेले.

कानसेन घरी पोचली तेव्हा अजून उजेड होता. दार उघडं होतं. दारात खुर्ची, आणि खुर्चीत मावशी.

“आलीस का गं?”

“आले, मावशी.”

मावशीनं तिचा हात धरून तिला आत घेतलं. किती उशीर हा, म्हणाली, मी आपली बसलेय. कानसेनला रडू आवरेना. तिनं सगळं सांगून टाकलं, ती दुपार, तो माइक, ते न दिलेलं उत्तर. मावशी ऐकत होती, पाठीवरून हात फिरवत होती. सांगून जायचं एवढंच लक्षात ठेव, म्हणाली, आणि उठून दाराला कडी घातली. कडी सरकताना लाकडावर लाकूड घासल्यासारखं वाजलं. खोलीत ओलसर वास येत होता, गल्लीत कुठं पाणी साठलं असावं. कानसेनला त्याचं काही वाटलं नाही. कित्येक दिवसांनी ती त्या रात्री मावशीच्या शेजारी अंथरूण घालून गाढ झोपली.

दोघींना एकदमच जाग आली, घंटेच्या आवाजानं. घड्याळात दहा वाजून पाच मिनिटं झाली होती.